भाडं थकलंय, करार संपत आलाय, भाडेकरू हलत नाही : नेमकं कुठे जायचं?

पारिजात
आईच्या नावावर कोथरूडला वन बीएचके आहे. बाबा गेल्यापासून आईचं घर त्या भाड्यावर चालतं, पेन्शन वगैरे काही नाही. गेल्या वर्षी एका तरुण जोडप्याला अकरा महिन्यांच्या लिव्ह अँड लायसन्सवर फ्लॅट दिला. करार ऑनलाइन नोंदवलेला आहे. फोटो, अंगठे, पोलीस व्हेरिफिकेशन, सगळं रीतसर. भाडं २२,०००, डिपॉझिट ७५,०००.

पहिले सहा महिने पाच तारखेच्या आत पैसे जमा व्हायचे. मग नवऱ्याची नोकरी गेली आणि भाडं बंद झालं. "काकू, पुढच्या आठवड्यात नक्की" असे मेसेज यायचे, आता तेही येत नाहीत. पाच महिन्यांचे १,१०,००० थकले आहेत. डिपॉझिट वळतं केलं तरी ३५,००० येणं राहतं, आणि करार या महिनाअखेर संपतोय. निघण्याची काही हालचाल दिसत नाही.

आई डायरीत भाड्याची नोंद ठेवते. सहा ओळींत तारीख आणि रक्कम, त्याखाली पाच ओळींत नुसतं महिन्याचं नाव आणि पुढे कोरं. ते पान बघवत नाही.

धाकटा भाऊ म्हणतो, ते बाहेर गेले की कुलूप बदलू. सोसायटीचे सेक्रेटरी म्हणतात, सांगा, पाणी बंद करतो. मला यातलं काही करायचं नाही, पण मग करायचं काय तेही कळत नाही. इथे घरमालकही आहेत आणि भाड्याने राहणारेही. दोन्ही बाजूंनी लिहा.

मुळाकाठ
ताई, भावाला आधी थांबवा. आमच्या शेजारच्या इमारतीत मालकाने हेच केलं. भाडेकरू गावाला गेला असताना कुलूप बदललं, सामान पॅसेजमध्ये काढून ठेवलं. तो परत आला आणि थेट पोलीस चौकीत गेला. कपाटात दागिने होते, ते गेले, अशी तक्रार दिली. दागिने होते की नव्हते ते देव जाणे, पण आत काय होतं याचा मालकाकडे काडीचा पुरावा नव्हता. चार महिन्यांच्या थकलेल्या भाड्याची गोष्ट राहिली बाजूला. मालकच चौकीच्या खेपा घालत बसला आणि शेवटी भाडं सोडून, वर पैसे देऊन प्रकरण मिटवलं.

गिरणगाव
माझा अनुभव भाडेकरूच्या बाजूचा आहे. आमचं लालबागचं घर पागडीचं, म्हणजे सुरुवातीला एकरकमी पैसे देऊन कमी भाड्यावर कायम राहायचं. मालकाला इमारत रिकामी हवी होती, म्हणून तो भाडं घ्यायलाच तयार नसे. पावती मागितली की "नंतर या". आणि मग एक दिवस भाडं थकवलं म्हणून नोटीस.

वडील गिरणीत होते, शिक्षण बेताचं, पण चाळीतल्या युनियनवाल्यांनी त्यांना एक गोष्ट पक्की सांगितली होती : मालक भाडं घेत नसेल तर मनीऑर्डर करायची. मनीऑर्डर दर महिन्याला "घेण्यास नकार" असा शेरा मारून परत यायची. ते कागद वडिलांनी बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात तारखेप्रमाणे लावून ठेवले होते. प्रकरण धोबी तलावच्या लघुवाद न्यायालयात गेलं तेव्हा तो डबा वकिलासमोर ठेवला. भाडं देण्याची तयारी होती याचा त्याहून चांगला पुरावा कुठून आणणार? घर राहिलं.

सांगायचं कारण, भाडेकरूला असं सहज काढता येत नाही. आधी ९० दिवसांची नोटीस द्यावी लागते. कोर्टात गेल्यावरही त्याने व्याजासकट पैसे भरले तर घर त्याचंच राहतं. तेव्हा ताई, घाई करून उपयोग नाही.

काळा कोट
मी पुण्यात वकिली करतो, जास्त करून भाड्याचीच प्रकरणं. गिरणगाव यांनी लिहिलेलं अक्षर न् अक्षर खरं आहे, पण ते पारिजात यांना लागू होत नाही. हा घोटाळा इतक्या लोकांचा होतो की सविस्तर लिहितो.

महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा १९९९चा, ३१ मार्च २०००पासून लागू. त्या एकाच कायद्यात दोन वेगळी माणसं आहेत. एक भाडेकरू आणि दुसरा लायसन्सी, म्हणजे लिव्ह अँड लायसन्स करारावर ठरलेल्या मुदतीपुरती जागा वापरायची नुसती परवानगी मिळालेला. बोलताना आपण दोघांनाही भाडेकरूच म्हणतो, पण दोघांचे हक्क पार वेगळे.

गिरणगाव यांचे वडील भाडेकरू होते. त्यांना कलम १५चं संरक्षण. भाडेकरू भाडं देतोय किंवा द्यायला तयार आहे तोवर त्याच्याकडून ताबा घेता येत नाही. भाडं थकलं तरी मालकाने लेखी नोटीस द्यायची, ९० दिवस थांबायचं, मगच दावा. आणि दाव्याचं समन्स मिळाल्यापासून ९० दिवसांत भाडेकरूने थकबाकी, त्यावर वर्षाला १५ टक्के सरळव्याज आणि खर्च भरला, पुढेही नियमित भरत राहिला, तर थकबाकीच्या कारणावर ताब्याचा हुकूम होत नाही. मुंबईच्या चाळींमध्ये माणसं टिकली ती अशा तरतुदींमुळे, आणि ते योग्यच आहे असं मला वाटतं.

पारिजात यांच्या आईने मात्र घर लिव्ह अँड लायसन्सवर दिलंय. तिथे कलम २४. राहण्यासाठी दिलेल्या जागेचं लायसन्स संपलं की लायसन्सीने ताबा द्यायचा. न दिल्यास मालकाने कोर्टात नव्हे, सक्षम प्राधिकाऱ्याकडे, म्हणजे याच कामासाठी सरकारने नेमलेल्या अधिकाऱ्याकडे अर्ज करायचा. पुण्यात तसं कार्यालय आहे. समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत लायसन्सीने प्रतिज्ञापत्र देऊन लढण्याची परवानगी मागावी लागते. मागितली नाही तर मालकाचं म्हणणं मान्य धरून ताब्याचा आदेश होतो. परवानगी मिळाली तर शक्यतो सहा महिन्यांत निकाल द्यावा असं कायदा म्हणतो. प्रत्यक्षात वेळ जास्त लागतो, पण दिवाणी दाव्याशी त्याची तुलनाच नाही. लेखी करारात जे लिहिलंय तो त्या गोष्टींचा निर्णायक पुरावा मानला जातो, "आमचं तोंडी वेगळं ठरलं होतं" हे तिथे चालत नाही. आदेशावर अपील नाही, फक्त ९० दिवसांत पुनरीक्षण अर्ज, म्हणजे आदेश पुन्हा तपासून बघा असा अर्ज करता येतो.

आणि लायसन्स संपल्यानंतर तो जितके दिवस राहील तितक्या दिवसांची भरपाई दुप्पट दराने. तुमच्या बाबतीत महिन्याला ४४,०००. नोटीस देताना हा आकडा अक्षरी आणि अंकी लिहा. बऱ्याच जणांना तो पहिल्यांदा नोटिशीतच दिसतो आणि बोलणी तिथून सुरू होतात.

पाण्याचं म्हणाल तर सेक्रेटरींना स्पष्ट नाही सांगा. भाडेकरूची वीज, पाणी यांसारख्या सुविधा तोडायला कलम २९मध्ये मनाई आहे, शिक्षाही आहे. हा माणूस लायसन्सी आहे म्हणून चालून जाईल, असल्या भरवशावर राहू नका. कायदेशीर मार्गाशिवाय ताबा काढून घेतला तर विशिष्ट अनुतोष कायद्याच्या (स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट) कलम ६खाली तो सहा महिन्यांच्या आत दावा लावून ताबा परत मिळवू शकतो. तेव्हा मालकी कोणाची हा प्रश्नच कोर्ट विचारत नाही, ताबा कोणाचा होता एवढंच बघतं. तुमची बाजू आत्ता स्वच्छ आहे, ती तशीच ठेवा.

सासवड रोड
आमचा करार स्टँपपेपरवर नोटरी केलेला आहे. एजंट म्हणाला चालतं. वरचं सगळं त्यालाही लागू का?

काळा कोट
सासवड रोड, नोटरी म्हणजे नोंदणी नव्हे. कलम ५५प्रमाणे करार लेखी आणि नोंदवलेलाच हवा, आणि ती जबाबदारी मालकाची. न नोंदवल्यास तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा ५,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. त्याहून मोठं नुकसान पुढे आहे : नोंदवलेला करार नसेल तर अटींबद्दल भाडेकरू जे सांगेल ते खरं धरलं जातं, उलट सिद्ध करण्याचं ओझं तुमच्यावर. तो म्हणाला भाडं १५,०००च ठरलं होतं, तर बसा सिद्ध करत.

आणि हे सगळं कशासाठी? स्टँप ड्युटी एकूण भाडं आणि डिपॉझिटवरचं वर्षाला १० टक्के धरलेलं व्याज यांच्या बेरजेवर ०.२५ टक्के. पारिजात यांच्या करारावर ती सहा-सातशेच्या घरात गेली असेल. शहरी भागात नोंदणी फी १,०००. वर थोडा हाताळणी खर्च. एवढे पैसे वाचवायला सांगणारा एजंट तुमचं भलं करत नाही. लगेच नवा करार करून नोंदवा.

भाड्याने राहणारी
दोन्ही बाजूंनी लिहा म्हणालात म्हणून लिहिते. मी लग्नाआधीपासून पुण्यात भाड्याच्याच घरांत राहते आहे. भाडं थकवणारे असतात, नाही म्हणत नाही. पण पुण्यात शेवटचे दोन महिने भाडं न देण्याची जी पद्धत पडली आहे, तिचं कारणही ऐका.

मागच्या घराचं माझं ६०,००० डिपॉझिट होतं. घर सोडताना मालकिणीने रंगकाम, डीप क्लीनिंग, नळाचे वॉशर, बाल्कनीतल्या जाळीचा गंज असं करत करत ३८,००० कापले. रंग आम्ही राहायला गेलो तेव्हाही जुनाच होता, पण तेव्हाचा एकही फोटो आमच्याकडे नव्हता. पावत्या मागितल्या तर "विश्वास नाही का?" बावीस हजारांचा चेक घेऊन आम्ही निघालो, कारण नव्या घराला डिपॉझिट भरायचं होतं आणि भांडायला वेळ नव्हता. माझ्या ऑफिसमध्ये हे ज्याला सांगितलं त्याच्याकडे अशीच एक गोष्ट होती. मग लोक शहाणे होतात आणि म्हणतात, शेवटचे दोन महिने डिपॉझिटमधून वळते करा. मालकाला ते थकलेलं भाडं वाटतं, भाडेकरूला ते स्वतःचेच पैसे वाटतात.

पारिजातताई, तुमच्या आईची गोष्ट अगदी वेगळी आहे हे मान्य. पाच महिने म्हणजे डिपॉझिटच्याही पलीकडे गेलं. पण एक विचारते, रागावू नका. त्या जोडप्याशी समोरासमोर कोणी बोललंय का? नोकरी गेलेल्या माणसाला फोन उचलायचीही लाज वाटते. आणि दुसऱ्या घरात जायचं तर तिथे पुन्हा डिपॉझिट, ते तो कुठून आणणार? न निघण्याचं कारण तेवढंच असेल.

गोदाकाठ
नाशिकला माझा गाळा आहे, मेन रोडच्या आतल्या बाजूला. लॉकडाऊनमध्ये भाडं थकलं ते आजवर पूर्ण आलेलं नाही. १७ एप्रिल २०२० रोजी गृहनिर्माण विभागाने सूचना काढली होती, भाडेवसुली किमान तीन महिने पुढे ढकला, भाडं थकलं म्हणून घराबाहेर काढू नका. ती घरभाड्याबद्दल होती, पण माझा गाळेधारक तेच कात्रण दाखवायचा. पुढे ढकला याचा अर्थ माफ झालं असा त्याने घेतला. मी किराणावाला, माझाही धंदा अर्धा बसला होता, बँकेचा हप्ता मात्र चालूच.

काळा कोट, गाळ्यालाही कलम २४ लागू होतं का?

काळा कोट
नाही. कलम २४ राहण्याच्या जागेपुरतंच आहे. गाळा, दुकान, ऑफिस लायसन्सवर दिलं असेल तर दावाच लावावा लागतो. मुंबईत तो लघुवाद न्यायालयात, रक्कम कितीही मोठी असली तरी. नाशिकला दिवाणी न्यायालयात. आणि गोदाकाठ, एक गोष्ट तातडीची. थकलेल्या भाड्याच्या वसुलीला मुदत तीन वर्षांची, प्रत्येक महिन्याचं भाडं ज्या दिवशी देय झालं त्या दिवसापासून मोजायची. २०२०चं येणं असेल तर कोविडच्या काळासाठी सर्वोच्च न्यायालयाने मुदतीत जी सवलत दिली होती ती धरूनही ते आता मुदतीबाहेर गेलंय. मुदत संपायच्या आत त्याने काही रक्कम भरून सही केली असेल किंवा येणं लेखी कबूल केलं असेल तर मार्ग निघू शकतो. कागद घेऊन तिथल्या वकिलाला याच आठवड्यात भेटा.

मांडवीतीर
गोव्यात कायदाच वेगळा, १९६८चा. तिथे थकबाकीवरून घर खाली करून घ्यायचं तर रेंट कंट्रोलरकडे जावं लागतं. इथलं वाचून गोवेकरांनी महाराष्ट्राची कलमं नोटिशीत टाकू नयेत, एवढंच.

मुळाकाठ
केंद्राच्या नव्या कायद्यात दोन महिन्यांपेक्षा जास्त डिपॉझिट घेता येत नाही म्हणे. मग पारिजात यांचे ७५,००० बेकायदा ठरतात का?

काळा कोट
तो आदर्श भाडे कायदा. केंद्रीय मंत्रिमंडळाने २ जून २०२१ला मंजूर केलेला नमुना आहे. राज्याने स्वीकारला तरच लागू. महाराष्ट्रात १९९९चाच कायदा चालतो, त्यात घराच्या लायसन्ससाठी डिपॉझिटला अशी मर्यादा नाही. माझं वैयक्तिक मत विचाराल तर घरमालकाने तीन महिन्यांचं डिपॉझिट घ्यावं आणि दुसऱ्या महिन्याचं भाडं चुकलं की लेखी पत्र पाठवावं. लोक डिपॉझिट संपेपर्यंत भिडेखातर गप्प बसतात आणि ते संपल्यावर वकील शोधतात. तोवर हातात काहीच उरलेलं नसतं.

पारिजात
सगळ्यांचे आभार. भाऊ शांत झालाय, मुळाकाठ यांचा प्रतिसाद त्याला वाचून दाखवला. काळा कोट, दोन प्रश्न. सक्षम प्राधिकारी ताब्याबरोबर थकलेले पाच महिनेही मिळवून देतो का? आणि वकिलाच्या फीचं कसं? आईकडे आत्ता खरंच पैसे नाहीत, आणि माझ्याकडून घ्यायला ती तयार होत नाही.

काळा कोट
सक्षम प्राधिकाऱ्याकडे ताबा आणि लायसन्स संपल्यानंतरची दुप्पट भरपाई. त्याआधीच्या पाच महिन्यांसाठी कोर्टात वेगळा दावा धरून चाला. म्हणून डिपॉझिट आत्ताच लेखी कळवून थकबाकीत वळतं करा, म्हणजे दाव्याची रक्कम ३५,०००वर येते. करार संपल्यावर त्याने काही पैसे दिले तर घ्या, पण पावतीवर "भाडं" लिहू नका. "जागेच्या वापराबद्दल भरपाई, सर्व हक्क राखून" असं लिहा, नाहीतर करार पुढे चालू ठेवला असं तो म्हणू शकतो.

फीबद्दल : शिवाजीनगर कोर्टात जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे. विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७, कलम १२प्रमाणे कोणत्याही स्त्रीला मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही. आईंना स्वतःला घेऊन जा. तिथेच दावापूर्व तडजोडीचीही सोय आहे. लोकअदालतीत तडजोड झाली तर तिला कोर्टाच्या हुकूमनाम्याचं बळ असतं आणि त्यावर अपील नाही. भाड्याने राहणारी यांनी विचारलेला प्रश्न मलाही महत्त्वाचा वाटतो. नोटीस द्या आणि बोलाही.

पारिजात
नोटीस पोचपावतीच्या स्पीड पोस्टने गेली. चौथ्या दिवशी ती मुलगी एकटीच आईकडे आली. विजेची सगळी बिलं भरल्याच्या पावत्या घेऊन आली होती. म्हणाली, काकू, एवढं तरी आम्ही चुकवलं नाही. नवऱ्याला कामाचं विचारलेलं सहन होत नाही, म्हणून तो कोणाचेच फोन घेत नाही. तिच्या एकटीच्या पगारात कर्जाचा हप्ता आणि घर चाललंय. तिचे आईवडील साताऱ्याला आहेत, तोवर तिकडे सामान हलवायचं ठरतंय. आईने तिला जेवायला घालूनच पाठवलं.

विधी सेवा प्राधिकरणातल्या वकील बाईंनी तडजोडीचा मसुदा करून दिलाय. पुढच्या महिन्याच्या १५ तारखेला ताबा. डिपॉझिट पूर्ण वळतं. उरलेले ३५,००० आणि अर्ध्या महिन्याचे ११,००० असे ४६,०००, प्रत्येकी ११,५००चे पुढच्या तारखांचे चार चेक. लोकअदालतीत नोंदवणार आहोत.

गिरणगाव
तडजोड झाली हे उत्तमच. पण त्या अर्ध्या महिन्याला दुप्पट दर का नाही लावला? कायद्यानेच दिलेला हक्क आहे. हातात आदेश नाही, माणूस साताऱ्याला जाणार, आणि आईंचं घर त्याच पैशांवर चालतं.

पारिजात
मीही आईला तेच म्हणाले. तिचं म्हणणं, बुडतील अशा २२,०००पेक्षा वटतील असे ११,००० बरे. मला ते पटलं.

काळा कोट
आईंचा हिशोब बरोबर आहे. दुप्पट दर मसुद्यात वेगळ्या जागी लिहून घ्या : १५ तारखेला ताबा दिला नाही तर १६पासून महिन्याला ४४,००० या दराने. म्हणजे हक्क सोडलाही नाही आणि आज मागितलाही नाही.

ताब्याच्या दिवशी ताबापावती दोन प्रतींत करा. किल्ल्या किती दिल्या, मीटर रीडिंग किती, गॅसची नळी, गीझर, पंखे कोणत्या स्थितीत आहेत ते लिहा, सगळ्या खोल्यांचे फोटो काढा, दोघांच्याही सह्या घ्या. सोसायटीच्या ऑफिसला ताबा परत मिळाल्याचं पत्र द्या. चेक परत आला तर बँकेकडून कळल्यापासून ३० दिवसांत लेखी नोटीस गेली पाहिजे, ती मिळाल्यावर पैसे द्यायला त्याला १५ दिवस, तरीही न दिल्यास पुढच्या एका महिन्यात तक्रार. या तीन तारखा चेकच्या झेरॉक्सवरच लिहून ठेवा.

भाड्याने राहणारी
एक प्रत त्या मुलीलाही मूळ सह्यांची द्या, झेरॉक्स नको. आणि डिपॉझिट वळतं झाल्याचा आकडा त्या पावतीवर असू द्या. उद्या तिला नवं घर बघायचं असेल तर जुन्या मालकाचं काही येणं आहे का, हे पहिल्यांदा विचारतात.